हेल्मुट डीटल : म्युनिकच्या उपहासकार दिग्दर्शकाविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जर्मन शिकवताना मी वर्गात दरवर्षी ‘श्टोंक!’ या चित्रपटातला एक प्रसंग दाखवते. काही शिक्षित, सुटाबुटातले लोक हिटलरची रोजनिशी म्हणून खपवलेल्या एका वहीच्या मुखपृष्ठावरची दोन अक्षरं निरखत उभे असतात. अक्षरं उघडउघड चुकीची आहेत, पण तसं म्हणायची कोणाचीच तयारी नाही. प्रसंग चार-पाच मिनिटांचा, आणि तो संपला की पुढचा तास प्रश्नोत्तरांतच जातो. हा दिग्दर्शक कोण, हे खरंच घडलं होतं का, हिटलरवर असं हसलेलं तिकडे चालतं का. तेच प्रश्न आणि त्यांची माझ्या परीने दिलेली उत्तरं इथे एकत्र केली आहेत.

हेल्मुट डीटल कोण होते?

जर्मन चित्रपट आणि दूरचित्रवाणीचे लेखक-दिग्दर्शक. जन्म २२ जून १९४४, बव्हेरियात टेगर्नझे तळ्याकाठच्या बाड वीसे या गावी. मृत्यू ३० मार्च २०१५, म्युनिकमध्ये. ‘म्युन्शनर गेशिष्टन’, ‘मोनाको फ्रान्झे’ आणि ‘कीर रोयाल’ या त्यांच्या मालिका, आणि ‘श्टोंक!’ व ‘रोस्सिनी’ हे चित्रपट. एवढ्या कामावर त्यांचं नाव जर्मन घराघरांत पोचलं. त्यांच्या पात्रांच्या तोंडची वाक्यं तिकडे आजही म्हणींसारखी वापरली जातात, आणि वापरणाऱ्याने मूळ मालिका पाहिलेली असतेच असं नाही.

एका वाक्यात सांगायचं तर, ज्या माणसांत ते वावरले त्याच माणसांची त्यांनी टर उडवली, आणि तीही त्या माणसांवर जीव असल्यामुळे.

नावाचा उच्चार नक्की कसा?

‘डीटल’. ‘डी’ दीर्घ, शेवटचा ‘टल’ जवळजवळ गिळलेला. ‘डायटल’ म्हणू नका, जर्मनमध्ये ‘आय-ई’ एकत्र आले की ‘ई’च होतो.

त्यांची जडणघडण कुठे झाली?

म्युनिकमध्ये. युद्ध संपायला वर्ष उरलं असताना जन्मलेलं हे मूल. म्हणजे लहानपण गेलं ते ढिगारे उपसणाऱ्या आणि मग पाहता पाहता पैसेवाल्या झालेल्या शहरात. आजोबा फ्रिट्झ ग्राइनर मूकपटांच्या काळातले नट होते, त्यामुळे पडद्याचं आकर्षण घरातच होतं. पुढे विद्यापीठात नाट्यशास्त्र आणि कलेचा इतिहास शिकले, दूरचित्रवाणीच्या चित्रीकरणांवर व्यवस्था पाहायची कामं केली, आणि ‘म्युन्शनर कामरश्पीले’ या नामांकित नाट्यगृहात सहायक दिग्दर्शक म्हणून हात बसवला.

हे नाट्यगृहाचं शिक्षण त्यांच्या कामात शेवटपर्यंत दिसतं. त्यांच्याकडे कॅमेरा फारसा कसरती करत नाही. माणसं बोलतात, आणि त्या बोलण्याला ताल असतो. कुठे थांबायचं, कुठला शब्द अर्धा सोडायचा, हे सगळं बसवलेलं असतं.

पहिली मालिका कोणती, आणि तिच्यात एवढं विशेष काय?

१९७४ साली आलेली ‘म्युन्शनर गेशिष्टन’, म्हणजे ‘म्युनिकच्या गोष्टी’. एकूण नऊ भाग. नायक चार्ली हा तिशीच्या आतबाहेरचा, डोक्यात रोज नवी कल्पना, खिशात काही नाही. दोन मित्रांना घेऊन तो श्रीमंत व्हायला निघतो आणि संध्याकाळी आजीच्या स्वयंपाकघरात परततो. ग्युंटर मारिया हाल्मर या नटाने तो केला.

पण मालिकेचा कणा आहे ती आजी. जुन्या लेहेल वस्तीतल्या भाड्याच्या घरात तिने आयुष्य काढलंय, आणि आता जमिनीचे भाव वाढल्यामुळे ते घर तिच्या हातून जायची वेळ आली आहे. पागडीच्या घरात वाढलेल्या कुणालाही ही भीती समजावून सांगावी लागणार नाही. डीटल या गोष्टीचं भाषण करत नाहीत. आजी कॉफी करते, नातवाला दोन शब्द सुनावते, आणि तिच्या हालचालींतूनच कळतं की हे घर गेलं तर ही बाई कुठे उभी राहणार.

आजीच्या भूमिकेत टेरेझे गीझे होत्या. त्यांच्याविषयी थोडं सांगायलाच हवं. १ जानेवारी १९३३ रोजी म्युनिकमध्ये ‘पेफरम्यूले’, म्हणजे ‘मिरपुडीची चक्की’, नावाचं व्यंगनाट्य सुरू झालं. लेखक टोमास मान यांची मुलं एरिका आणि क्लाउस, आणि त्यांच्याबरोबर गीझे, असे ते उभे करणारे. त्याच महिन्याच्या शेवटी हिटलर सत्तेवर आला. गीझे ज्यू होत्या, त्यांना देश सोडावा लागला. १९४१ मध्ये झ्युरिकला नाटककार ब्रेश्टच्या ‘मदर करेज’ नाटकाचा पहिला प्रयोग झाला तेव्हा मुख्य भूमिका त्यांची होती. अशी बाई म्युनिकला परतते, आणि आयुष्याच्या अगदी शेवटी एका तरुण दिग्दर्शकाच्या मालिकेत चार्लीची आजी होते. मार्च १९७५ मध्ये त्या गेल्या. डीटल यांच्या उपहासाची मुळं शोधायची तर मला ती इथे सापडतात. म्युनिकची जी हजरजबाबी, निर्भीड परंपरा नाझींनी हाकलून दिली होती, तीच या मालिकेत स्वयंपाकघरात येऊन बसली आहे.

‘मोनाको फ्रान्झे’ लोकांना इतका का आवडतो?

कारण तो खोटं बोलतो आणि तरी त्याच्यावर रागावता येत नाही.

१९८३ ची ही दहा भागांची मालिका. फ्रान्झ म्युन्शिंगर हा पोलीस खात्यातला अधिकारी, वय पन्नाशीपुढचं, साध्या घरातला. त्याची बायको आनेट मात्र खानदानी, पुराणवस्तूंचं दुकान चालवणारी, ऑपेराला जाणारी. फ्रान्झला ऑपेराचा कंटाळा आणि तरुण मुलींशी गप्पा मारायचा सोस. ‘मोनाको’ हे टोपणनाव, कारण इटालियन लोक म्युनिकला मोनाकोच म्हणतात. बायकोला तो ‘श्पाट्झल’ म्हणतो, म्हणजे ‘चिमणे’. खोटं पकडलं गेलं की हा ‘चिमणे’ जरा लांबतो.

पहिल्याच भागातला एक प्रसंग मला फार आवडतो. आनेटच्या उच्चभ्रू मित्रमंडळींना संगीतकार वाग्नरच्या ऑपेराविषयी बोलायचं असतं, आणि फ्रान्झला काही कळत नाही असं सगळ्यांनी धरलेलं असतं. फ्रान्झ काय करतो? पेपरात परीक्षण छापून येण्याआधीच त्या बड्या समीक्षकाचं मत मिळवतो आणि बैठकीत ते स्वतःचं म्हणून ठोकून देतो: प्रयोग जुनाट होता, भिकार होता. सगळे त्याच्याकडे कीव करून बघतात. मग पेपर येतो आणि त्यात तेच छापलेलं. कालपर्यंत भारावलेली मंडळी मत बदलायला क्षणाचाही वेळ घेत नाहीत. फ्रान्झला संगीत कळत नाही हे खरंच आहे. पण त्या मंडळींनाही ते कळत नाही, फक्त त्यांचं न कळणं महागाच्या कपड्यांत झाकलेलं आहे.

फ्रान्झची भूमिका केली हेल्मुट फिशर यांनी. जन्म १९२६ चा, म्हणजे तोवर आयुष्य छोट्यामोठ्या कामांत गेलेलं. या एका भूमिकेने त्यांना पन्नाशी उलटल्यावर अख्ख्या देशात ओळख दिली. रूथ मारिया कुबिचेक यांची आनेटही तितकीच तोलामोलाची. नवऱ्याला ओळखून असलेली, दुखावलेली, आणि तरी त्याच्याशिवाय घर सुनं होईल हे जाणणारी.

पाट्रिक झ्यूसकिंड म्हणजे ‘परफ्यूम’ कादंबरीचेच ना? त्यांचा इथे काय संबंध?

तेच. १९८५ मध्ये ‘परफ्यूम’ आली आणि झ्यूसकिंड जगभर गाजले, पण त्याआधीच ते डीटल यांच्याबरोबर ‘मोनाको फ्रान्झे’च्या लेखनात होते. नंतर ‘कीर रोयाल’, ‘रोस्सिनी’ आणि २००५ चा चित्रपट ‘फोम झूखन उंड फिंडन डेर लीबे’ हेही दोघांनी मिळून लिहिलं. मुलाखती टाळणारा, फोटोलाही नको म्हणणारा हा लेखक, आणि कायम पांढऱ्या कपड्यांत वावरणारा, मैफलीतला डीटल. स्वभावाने दोन टोकं, पण संवाद लिहायला बसले की दोघांचा कान एक.

‘कीर रोयाल’ ही कशाची गोष्ट आहे?

कीर रोयाल हे पेयाचं नाव: शॅम्पेनमध्ये काळ्या करवंदासारख्या आंबटगोड फळाचं मद्य मिसळायचं. ऐंशीच्या दशकात म्युनिकच्या पार्ट्यांमध्ये हातोहाती फिरायचं. १९८६ ची सहा भागांची ही मालिका त्या पार्ट्यांवर आहे. बेबी शिमरलोस हा वर्तमानपत्रातला गॉसिप लिहिणारा वार्ताहर. त्याच्या सदरात नाव आलं की तुम्ही शहरात कोणीतरी, नाही आलं तर कोणीच नाही. त्यामुळे मंत्री, कारखानदार, राजघराण्यातले लोक, सगळे त्याच्या मागे.

पहिल्या भागाचं नावच सगळं सांगतं: ‘जो आत आला, तो आतला.’ हाफनलोअर नावाचा गोंदाचा कारखानदार ऱ्हाइनकाठाहून म्युनिकला येतो. पैसा अमाप आहे, पण या शहरात त्याला कुत्रंही विचारत नाही. त्याला फक्त बेबीच्या सदरात यायचंय. बेबी त्याला झिडकारतो. मग मारिओ आडॉर्फ यांनी साकारलेला हा लठ्ठ, घामाघूम, बायकोसमोर मोठेपणा मिरवायला निघालेला माणूस बेबीला एकटं गाठतो आणि हळूहळू बोलायला लागतो. मी तुला रोज पैशांची बॅग पाठवीन. तू परत करशील. एकदा करशील, दोनदा करशील, तिसऱ्यांदाही करशील. पण मी रोज आणखी पाठवीन, आणि एक दिवस तू इतका थकलेला असशील की घेशील. त्या दिवशी तू माझा झालास. एवढं बोलून झाल्यावर तो चेहरा मऊ करतो आणि म्हणतो, मला तर फक्त तुझा दोस्त व्हायचंय, मला ‘हायनी’ म्हण.

लाच कशी चालते यावर मी पुष्कळ वाचलंय. पण इतक्या थोड्या वाक्यांत ती इतकी उघडी पडलेली दुसरीकडे पाहिलेली नाही. त्यातली धमकी ऐकून काटा येतो, आणि शेवटच्या वाक्याने त्या माणसाची दयाही येते. तो खरंच दोस्त शोधत असतो, त्याला पैशाखेरीज दुसरी भाषा येत नाही एवढंच.

बेबी शिमरलोस हा खरा कोणी होता का?

म्युनिकचे प्रसिद्ध गॉसिप-स्तंभलेखक मिशाएल ग्रेटर हे त्या पात्राचा नमुना होते, हे सर्वश्रुत आहे. पण भूमिकेसाठी निवडलेला माणूस पाहा. फ्रान्झ क्झावर क्रोएट्झ हे स्वतः मोठे नाटककार, कष्टकऱ्यांच्या आयुष्यावर बोचरी नाटकं लिहिणारे, सत्तरच्या दशकात कम्युनिस्ट पक्षाचे सभासद राहिलेले. शॅम्पेनवाल्यांच्या मागे धावणारा बेबी डीटल यांनी त्यांच्याकडून करून घेतला. म्हणूनच बेबीच्या चेहऱ्यावर एक सततचा वैताग आहे, हे आपण काय करतोय असं विचारणारा.

त्याचा छायाचित्रकार हर्बी झाले डीटर हिल्डेब्रांट, म्युनिकच्या राजकीय व्यंगनाट्यातले अग्रणी. १९५६ साली ‘लाख उंड शीसगेझेलशाफ्ट’ हा गाजलेला रंगमंच सुरू करणाऱ्यांपैकी ते एक. बेबीची मैत्रीण मोना म्हणजे झेन्टा बेर्गर. संगीत कोन्स्टान्टिन वेकर यांचं.

‘श्टोंक!’ या नावाचा अर्थ काय?

जर्मनमध्ये काहीच नाही. चॅप्लिनने १९४० च्या ‘द ग्रेट डिक्टेटर’मध्ये हुकूमशहाच्या भाषणासाठी जर्मनसारखी वाटणारी खोटी भाषा रचली. त्यात तो लोकशाही, स्वातंत्र्य, बोलण्याची मोकळीक अशी एकेक गोष्ट घेतो आणि पुढे ओरडतो ‘श्टोंक!’, म्हणजे मोडीत काढली. तो शब्द डीटल यांनी उचलला. खोट्या हिटलरच्या खोट्या भाषेतला शब्द, हिटलरच्या खोट्या रोजनिश्यांवरच्या चित्रपटाला.

रोजनिश्यांचं ते प्रकरण खरंच घडलं होतं?

खरंच घडलं, आणि चित्रपटापेक्षा तेच जास्त अविश्वसनीय आहे.

२५ एप्रिल १९८३ रोजी हॅम्बुर्गच्या ‘श्टेर्न’ साप्ताहिकाने पत्रकार परिषद घेऊन जाहीर केलं की हिटलरच्या हस्ताक्षरातल्या रोजनिश्या आमच्या हाती लागल्या आहेत. हा इतिहास आता पुन्हा लिहावा लागेल, असाही दावा झाला. एप्रिल १९४५ मध्ये ड्रेस्डेनजवळ कोसळलेल्या एका विमानातून त्या वाचल्या, अशी कथा सांगितली गेली. विमान खरंच कोसळलं होतं, त्यामुळे कथेला एक खरा खिळा होता आणि बाकी सगळं त्यावर टांगलेलं.

वह्या लिहिल्या होत्या कोनराड कुयाउ नावाच्या नकलाकाराने. कागद जुना दिसावा म्हणून त्यावर चहा ओतला, वह्या आपटल्या-झोडल्या. साप्ताहिकाचा वार्ताहर गेर्ड हायडेमान त्या मिळवत गेला. हा माणूस नाझी काळातल्या वस्तूंनी इतका झपाटलेला की त्याने नाझी नेता ग्योरिंगची जुनी नौका विकत घेतली होती. साप्ताहिकाने एकूण ९३ लाख मार्क मोजले.

हस्ताक्षर तज्ज्ञांना दाखवलं नव्हतं का? दाखवलं होतं. पण तुलनेसाठी जे ‘अस्सल’ नमुने दिले, त्यांतले काही कुयाउनेच बनवलेले होते. एका हाताची अक्षरं त्याच हाताच्या अक्षरांशी जुळली, यात नवल नाही. ब्रिटिश इतिहासकार ह्यू ट्रेव्हर-रोपर यांच्यासारख्या माणसानेही आधी खरेपणाची ग्वाही दिली. ६ मे १९८३ ला केंद्रीय अभिलेखागाराने निकाल दिला: कागदात उजळपणा आणणारं जे रसायन आहे ते युद्धानंतरच वापरात आलं. दोन आठवडेही टिकलं नाही हे सोंग. १९८५ मध्ये दोघांनाही चार वर्षांहून जास्त शिक्षा झाली.

आणि ती मुखपृष्ठावरची अक्षरं. जुन्या वळणाच्या जर्मन लिपीत ‘ए’ आणि ‘एफ’ फसवे दिसतात. कुयाउने अडॉल्फसाठी ‘ए’ समजून ‘एफ’ चिकटवला. म्हणजे वहीवर ‘ए. एच.’ ऐवजी ‘एफ. एच.’. ते दिसत असूनही छपाई थांबली नाही.

चित्रपटात किती खरं, किती रचलेलं?

सांगाडा खरा, नावं बदललेली. कुयाउचा झाला फ्रिट्झ क्नोबेल (ऊवे ओक्सनक्नेष्ट), हायडेमानचा झाला हेर्मान विलिए (ग्योट्झ गेऑर्गे). पटकथा डीटल आणि उलरिश लिमर यांची.

सुरुवातच बर्लिनच्या उद्ध्वस्त बागेत होते, जिथे हिटलरचं प्रेत जाळायची आज्ञा आहे आणि ते नीट पेटतच नाही. पुढचा सगळा चित्रपट त्या न पेटलेल्या प्रेताचा आहे, असं मला वाटतं. चाळीस वर्षांनीही ते पुरतं जळून गेलेलं नाही. लहानगा क्नोबेल युद्ध संपताच अमेरिकन सैनिकांना नाझी ‘आठवणी’ विकायला लागतो. मोठेपणी तो हिटलरची सोबतीण एफा ब्राउन हिचं नग्नचित्र काढतो, त्यासाठी शरीर असतं त्याच्या प्रेयसीचं आणि चेहरा तेवढा एफाचा. रोजनिश्या लिहिता लिहिता त्याच्यात हिटलरच्या लकबी शिरू लागतात. आणि त्या वह्यांत काय, तर पोटातला वायू आणि तोंडाची दुर्गंधी यांच्या तक्रारी. हे मात्र रचलेलं नाही, कुयाउने खरोखर तसं लिहिलं होतं.

अक्षरांच्या त्या प्रसंगात ‘एफ’ कशाचा, यावर त्या सुटातल्या मंडळींचा खल होतो. ‘फ्युरर हिटलर’चा, म्हणजे ‘नेता हिटलर’चा, असेल का? की ‘फ्युररच्या कुत्र्या’चा? कोणीतरी दुसऱ्याने समर्थन पुरवावं आणि आपण मान डोलवावी, एवढीच प्रत्येकाची इच्छा. आणि शेवटी, कागद युद्धानंतरचा आहे असं सिद्ध झाल्यावर विलिए त्यातून काय निष्कर्ष काढतो? म्हणजे त्यांनी हे युद्धानंतर लिहिलं. म्हणजे ते जिवंत आहेत!

वर्ग इथे खो-खो हसतो. मग एखादी मुलगी हळूच म्हणते, “मॅडम, आमच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर असंच असतं.” पुरावा पुढे ठेवला की तो पुरावाच आपल्या समजुतीच्या बाजूने फिरवणारी माणसं तिने घरातच पाहिलेली असतात.

पण हिटलर या विषयावर विनोद करावा का?

जर्मनीत हा प्रश्न दर पिढीत नव्याने विचारला जातो, आणि तो विचारला जायलाच हवा. माझं मत असं की ‘श्टोंक!’मध्ये ज्यांनी सोसलं त्यांच्यावर एकही विनोद नाही. हसू आहे ते पन्नाशी-साठी उलटलेल्या, उत्तम शिकलेल्या, प्रतिष्ठित जर्मनांवर. वही हातात येताच त्यांचे डोळे ओलावतात आणि पाठ ताठ होते. युद्ध संपून चार दशकं झाली, आणि देशाने स्वतःची समजूत घातली होती की तो काळ आपण मागे टाकला. डीटल यांनी दाखवलं की एक नकलाकार आणि चार आण्यांचा चहा पुरला, आणि सगळं वर आलं.

यात क्नोबेल खलनायक वाटत नाही हे लक्षात घ्या. तो माल पुरवतो, एवढंच. मागणी आधीपासून आहे. डीटल यांच्या सगळ्या कामात मला हा धागा दिसतो: फसवणाऱ्यापेक्षा त्यांचं लक्ष फसायला आतुर असलेल्या माणसावर जास्त असतं. फ्रान्झच्या मताने भारावणारी ऑपेरावाली मंडळी, सदरात नाव यावं म्हणून जीव टाकणारा हाफनलोअर, आणि हे रोजनिशीपुढे हात जोडणारे, एकाच कुळातले आहेत.

‘श्टोंक!’ला कोणते पुरस्कार मिळाले?

१९९२ मध्ये जर्मन चित्रपट पुरस्कारांत सर्वोत्तम चित्रपट, दिग्दर्शन आणि गेऑर्गे यांना अभिनय. सर्वोत्तम परभाषिक चित्रपटासाठी ऑस्करचं नामांकनही मिळालं. ते ऑस्कर १९९३ च्या सोहळ्यात फ्रान्सच्या ‘इंदोशीन’ला गेलं.

जर्मन लोकांना विनोदाचं वावडं असतं म्हणतात ना?

ऐकीव गोष्ट आहे. एर्न्स्ट लुबिच बर्लिनचे, कार्ल फालेन्टिन म्युनिकचे, लोरिओ तर पुऱ्या देशाचे लाडके. डीटल या रांगेतले.

‘रोस्सिनी’ कशाविषयी?

एका इटालियन खानावळीविषयी, म्हणजे पर्यायाने म्युनिकच्या चित्रपटसृष्टीविषयी. म्युनिकच्या श्वाबिंग भागात ‘रोमान्या आन्तिका’ नावाचं रेस्तराँ होतं, तिथे निर्माते, लेखक, नट यांची रोज संध्याकाळी बैठक जमायची. डीटल स्वतः तिथले नेहमीचे गिऱ्हाईक. १९९७ मध्ये त्यांनी त्याच रेस्तराँचा चित्रपट केला. मालक रोस्सिनी म्हणजे पुन्हा मारिओ आडॉर्फ. कर्जात बुडालेल्या निर्मात्याला एका गाजलेल्या कादंबरीचे हक्क हवे आहेत, आणि तिचा लेखक विंडिश हा कमालीचा लाजाळू माणूस मागच्या खोलीत एकटाच जेवतो. हा विंडिश म्हणजे कोण हे ओळखायला कष्ट पडत नाहीत, आणि लिहिणाऱ्यांत झ्यूसकिंड स्वतः होते हे विसरू नका. निर्मात्यात खरेखुरे चित्रपट-निर्माते बेर्न्ड आइशिंगर दिसतात. गंमत अशी की पुढे ‘परफ्यूम’चे हक्क खरोखर आइशिंगर यांनीच मिळवले आणि २००६ मध्ये चित्रपट आला.

मला ‘रोस्सिनी’ ‘श्टोंक!’इतका सलग वाटत नाही. पात्रं फार, आणि प्रेमाचे गुंते मधेच ताणले जातात. पण जेवणाच्या टेबलांवरून टेबलांवर सरकणारं ते बोलणं लिहायला दुसऱ्या कुणाला जमलं नसतं.

मग ‘त्सेट्ल’ का पडला?

२०१२ चा हा शेवटचा चित्रपट. ‘कीर रोयाल’चं जग राजधानी बर्लिनमध्ये नेऊन काय होतं ते पाहायचं, अशी कल्पना. एक गाडीचालक इंटरनेटवरच्या मासिकाचा संपादक होतो. मिशाएल हेर्बिग मुख्य भूमिकेत, सहलेखक बेन्यामिन फोन श्टुकराड-बारे. क्रोएट्झ यांनी बेबीची भूमिका पुन्हा करायला नकार दिला. समीक्षकांनी चित्रपट झोडपला आणि प्रेक्षकही फिरकले नाहीत.

मी तो दोनदा पाहिला, काहीतरी आपल्या नजरेतून सुटलं असेल या आशेने. नट चांगले, काही संवाद झणझणीत. पण म्युनिकमध्ये डीटल यांना वेटर कसा वाकतो, मंत्र्याची बायको कुठल्या सुरात हसते, हे वर्षानुवर्षांच्या सहवासातून माहीत होतं. बर्लिन त्यांनी पाहुण्यासारखं पाहिलं. म्युनिकच्या माणसांवर हसताना त्यांच्या आवाजात जो ओलावा होता, तो इथे नाही, आणि तो नसला की नुसता कडवटपणा उरतो.

ते काम कसं करायचे?

सावकाश. चाळीसेक वर्षांच्या कारकिर्दीत चित्रपटगृहांसाठीचे चित्रपट मोजकेच. संवाद पुन्हा पुन्हा लिहायचे, सेटवर एकेक वाक्य मनासारखं पडेपर्यंत थांबायचे. नट थकायचे. पण त्यांच्या कामात चार वाक्यांपुरती येणारी माणसंही पूर्ण असतात, ती या हट्टामुळे.

शेवटची वर्षं कशी गेली?

नोव्हेंबर २०१३ मध्ये त्यांनी एका वृत्तपत्राला मुलाखत देऊन स्वतःच सांगितलं की फुप्फुसाचा कर्करोग झाला आहे. आयुष्यभर सिगारेट ओढलेला माणूस, त्याने आजाराबाबतही आडपडदा ठेवला नाही. मे २०१४ मध्ये जर्मन चित्रपट पुरस्कारांत त्यांना सन्मान पुरस्कार दिला गेला, तो घ्यायला ते स्वतः आले. मार्च २०१५ मध्ये वयाच्या सत्तराव्या वर्षी गेले. आठवणी लिहायला घेतल्या होत्या त्या अपुऱ्या राहिल्या, आणि २०१६ मध्ये ‘अपूर्ण आठवणी’ असं मुखपृष्ठावर सांगूनच छापल्या गेल्या. पुस्तकाचं नाव ‘मोनाको फ्रान्झे’च्या पहिल्या भागाचंच ठेवलं: ‘आ बिसल वास गेट इमर’. थोडंफार काहीतरी जमतंच नेहमी.

जर्मन येत नसेल तर सुरुवात कुठून करावी?

‘श्टोंक!’पासून. विषय जगाला माहीत असलेला, आणि उपशीर्षकांतून निम्म्याहून जास्त पोचतो. बव्हेरियन बोलीवर उभ्या असलेल्या मालिकांना भाषांतरात फटका बसतो. ‘श्पाट्झल’चं ‘चिमणे’ करता येतं, पण फ्रान्झचा तो खोटं लपवणारा हेल कुठून आणणार? जर्मनचं दुसरं-तिसरं वर्ष झालं असेल तर ‘कीर रोयाल’चा पहिला भाग घ्या, आणि हाफनलोअरचा प्रसंग आधी आवाज बंद करून पाहा. फक्त त्याचा चेहरा. मग आवाज लावा.

म्युनिकला गेलो तर काय पाहावं?

श्वाबिंगमध्ये म्युन्शनर फ्रायहाइट चौकात एका कॅफेबाहेर हेल्मुट फिशर यांचा ब्राँझचा पुतळा आहे. उंच चौथरा नाही, हार नाही. कॅफेच्या टेबलाशी एक माणूस पाय सैल सोडून बसलाय, येणाऱ्याजाणाऱ्यांना न्याहाळत. शेजारची खुर्ची रिकामी असली तर बसता येतं. मी गेले तेव्हा तिथे एक आजी पिशवी मांडीवर घेऊन बसल्या होत्या, आणि उठताना त्यांनी त्याच्या खांद्यावर हलकेच थापटलं.

लेहेलमध्येही एक चक्कर मारा. ती आजच्या म्युनिकमधली महागड्या घरांची वस्ती आहे.